पाहुण्यांच्या ताटात नसलेली पेज

मालवण तालुक्यातल्या एका घरगुती निवासात मुंबईच्या स्नेह्यांबरोबर तीन दिवस राहण्याचा योग आला होता. सकाळी आठ वाजता ओसरीवर पोहे, ऑम्लेट आणि पाव मांडलेला असे, दुपारी सुरमईची थाळी आणि रात्री कोंबडी-वडे. तिसऱ्या दिवशी साडेदहाच्या सुमारास पिण्याचे पाणी मागायला मी मागच्या पडवीत गेलो, तेव्हा घरची चार माणसे पेजेला बसली होती. स्टीलच्या खोलगट ताटल्यांत लालसर उकड्या तांदळाची वाफाळती पेज, निखाऱ्यावर भाजून हाताने कुस्करलेला खारा बांगडा आणि बरणीतून नुकतीच काढलेली, मिठाच्या पाण्यात सुरकुतलेली तोरे, म्हणजे कोवळ्या कैऱ्या. मी डोकावलेला पाहताच घरच्या काकींनी आपली ताटली जराशी मागे सरकवली. तो वास मला कुडाळ तालुक्यातल्या माझ्या घराइतकाच ओळखीचा होता, म्हणून मी थोड्या हक्काने विचारले, की ही आम्हाला का नाही? त्यावर त्या हसून म्हणाल्या, "ती आमची साधी पेज, पावण्यांका ती काय आवडतली?"

त्या उत्तरात आतिथ्य होते आणि संकोचही होता. दक्षिण कोकणात आज जे पाहुण्याला वाढले जाते ते घरात रोज शिजत नाही, आणि जे रोज शिजते ते पाहुण्यापुढे येत नाही. "येवा, कोकण आपलोच असा" म्हणून ज्याला आपण बोलावतो, त्याच्यासमोर रविवारचे आणि सणावारचे कोकण मांडतो. मंगळवारी सकाळी साडेदहाचे कोकण मागच्या पडवीत राहते. मालवणी जेवण म्हणजे मासे, मसाला आणि सोलकढी हे समीकरण मुंबई-पुण्याच्या हॉटेलांनी पक्के केले, हे खरे. पण ते आपण मुकाट्याने मान्य केले, हेही तितकेच खरे आहे.

यावर उपाय म्हणून पेजेला खाद्यमहोत्सवात मानाचे स्थान द्यावे, तिला भौगोलिक मानांकन मिळवावे, हॉटेलांच्या यादीत तिचा समावेश करावा, अशा सूचना अधूनमधून ऐकू येतात. त्यामागची भावना मला समजते, तरीही या सूचना मला वरवरच्या वाटतात. मानांकन हापूसला २०१८ मध्ये मिळाले, सिंधुदुर्ग-रत्नागिरीच्या कोकमाला त्याआधीच मिळाले होते. आंबा आणि कोकम बाजारात विकायच्या वस्तू असल्याने तिथे मानांकनाला अर्थ आहे. पेज विकायची वस्तू नाही. उकडा तांदूळ, तो उकडणारे घर, तो भरडणारी गिरण आणि सकाळच्या मध्यावरची एक रिकामी वेळ या चार गोष्टी जुळल्या की पेज आपोआप शिजते, आणि त्यांतली एक निखळली की कितीही गौरव केला तरी शिजत नाही. म्हणून पेजेचा प्रश्न माझ्या मते कौतुकाचा नसून पुरवठ्याचा आहे, आणि तो रेशन दुकान, शाळेतला पोषण आहार आणि गावची गिरण या ठिकाणी सुटायचा आहे.

हे पटण्यासाठी पेज म्हणजे नेमके काय, हे थोडे जवळून पाहायला हवे, कारण घाटावरच्या आणि शहरातल्या वाचकाच्या मनात पेज म्हणजे आजाऱ्याला पाजायचे भाताचे पाणी असते. उत्तर कोकणात कण्यांची किंवा नाचणीची पेज होते. अनेक घरांत मऊ गुरगुट्या भात, वर तूप आणि मेतकूट ही त्या जागीची गोष्ट आहे. सिंधुदुर्गात आणि त्याला लागून असलेल्या गोव्यात मात्र पेज म्हटले की ती उकड्या तांदळाची. तिच्यासाठी भात, म्हणजे टरफलासकट धान्य, आधी भिजवावे लागते. रात्रभर भिजलेले भात दुसऱ्या दिवशी मोठ्या हंड्यात चुलीवर चढवतात, टरफल जरासे फुटेपर्यंत वाफवतात आणि मग खळ्यात पसरून वाळवतात. वाळवणे हीच खरी कसोटी. कडक उन्हात एकदम वाळवले तर गिरणीत दाणा तुटतो, ओले राहिले तर चेपतो. माझी आजी दाणा दाताखाली धरून त्याच्या आवाजावरून ठरवत असे, की आज गिरणीत पाठवायचे की आणखी एक ऊन द्यायचे. तिच्याकडे घड्याळही नव्हते. तिचे दात मात्र शेवटपर्यंत शाबूत होते, आणि मला वाटते त्याचे श्रेय तिने उकड्यालाच दिले असते.

असा तांदूळ आधणात टाकल्यावर बराच वेळ शिजतो, पण विरघळत नाही. पाणी दाटसर होते, दाणा मऊ होऊनही आपला आकार धरून राहतो, आणि त्यामुळे पेज प्यायची नसते, जेवायची असते. सुरय तांदळाची, म्हणजे न उकडलेल्या पांढऱ्या तांदळाची पेज केली तर खळ होते. हा फरक चवीचा वाटला तरी त्याच्या मुळाशी दाण्याची रचना आहे: टरफलासकट वाफवल्याने आतला स्टार्च घट्ट होतो, आणि कोंड्यातली काही जीवनसत्त्वे, विशेषतः ब-१, दाण्याच्या आत शिरतात, म्हणून भरडल्यावरही टिकतात. विसाव्या शतकाच्या आरंभी आग्नेय आशियात बेरीबेरीने, म्हणजे याच ब-१ च्या अभावाने होणाऱ्या रोगाने, माणसे मरत होती, तेव्हा क्वालालंपूरच्या मनोरुग्णालयात विल्यम फ्लेचर या डॉक्टरने १९०५-०६ मध्ये रुग्णांचे दोन गट करून एकाला पॉलिश केलेला कच्चा तांदूळ आणि दुसऱ्याला उकडा तांदूळ दिला. बेरीबेरी पहिल्या गटात पसरली, उकडा खाणाऱ्यांत नाही. आपल्या पूर्वजांना जीवनसत्त्वे ठाऊक होती असा दावा मी करणार नाही. भात उकडल्याने दाणा कमी तुटतो आणि कोकणच्या दमट हवेत तांदूळ टिकतो, हे त्यांना ठाऊक होते, आणि तेवढे कारण त्यांना पुरेसे होते.

पेजेची वेळही तितकीच विचारपूर्वक ठरलेली आहे. पावसाळ्यात तरव्याची, म्हणजे भाताच्या रोपांची, काढणी आणि लावणी पहाटे सुरू होते. तीन-चार तास चिखलात वाकून काम केल्यावर शरीराला पाणी, मीठ आणि लगेच लागू पडणारे अन्न हवे असते, आणि कोरडी भाकरी त्या क्षणी घशाखाली उतरत नाही. दहा-साडेदहाला बांधावर येणारी पेज या तिन्ही गोष्टी एका भांड्यात आणते. पटकीच्या रुग्णांसाठी साखरेऐवजी तांदळाच्या पिठाची जलसंजीवनी वापरण्याचे प्रयोग बांगलादेशात झाले आणि ते यशस्वी ठरले, हे वाचल्यावर मला आश्चर्य वाटले नाही. आमच्याकडे जुलाब लागलेल्या पोराला डॉक्टर येईपर्यंत पेजेचा निवळ आणि चिमूटभर मीठच दिले जाई.

मग हे अन्न लाजेचे कसे झाले? इथे भाबडेपणा उपयोगाचा नाही. पेजेत पाणी जास्त असते, आणि ते नेहमी घामाचा विचार करून घातलेले नसे. घरात दहा माणसे आणि तांदूळ पाच जणांचा, असा भाद्रपदातला हिशेब पाण्याने जुळवला जाई. जमीन खोताची, पीक अर्धेलीचे, आणि नवे भात यायला अजून महिना. ज्यांनी ते दिवस काढले त्यांना पेजेविषयी प्रेम होते, पण अभिमान नव्हता. आजही "पेजेवर दिवस काढले" हे वाक्य कोणी वैभव सांगताना उच्चारत नाही. त्यामुळे माझ्यासारख्या पोट भरलेल्या माणसाने पेजेचे गोडवे गाताना हे भान ठेवायला हवे, की ज्या पेजेची आठवण येऊन आपण हळवे होतो, ती दाट होती. पातळ पेजेच्या आठवणी सांगणारी माणसे सहसा लेख लिहीत नाहीत.

मुंबईने या लाजेला वेगळे वळण दिले. गिरणगावात गेलेला चाकरमानी सकाळच्या पाळीला निघताना चहा-पाव खाऊ लागला, कारण गिरणीच्या भोंग्याला साडेदहाची पेज मानवत नव्हती. तो चतुर्थीला गावी आला की पाव घेऊन येई, आणि घरातली मुले पेज सोडून त्या पावावर तुटून पडत. पगार, पोशाख आणि न्याहारी या तिन्ही बाबतींत गावाने मुंबईकडे पाहायला सुरुवात केली. पुढे १९८२ च्या संपाने गिरण्याच मोडल्या आणि अनेक जण परत आले, पण न्याहारी परत आली नाही. आज मुंबईतल्या मालवणी घरात पेज होते ती ताप आल्यावर किंवा गावाहून उकड्याचे गाठोडे आल्यावर. रोजच्या अन्नाचे असे औषधात किंवा आठवणीत रूपांतर होणे हीच त्याच्या ओसरण्याची खूण आहे.

तरीही मानसिक बदलाला मी मुख्य कारण मानत नाही. लाज पिढीगणिक कमी-जास्त होते, आणि आजच्या तरुणांत ती बरीच कमी झाली आहे. बांगलादेशी वंशाच्या किश्वर चौधरी यांनी २०२१ मध्ये ऑस्ट्रेलियातल्या दूरचित्रवाणीवरच्या पाककला स्पर्धेच्या अंतिम फेरीत पांता भात, म्हणजे पाण्यात ठेवलेला शिळा भात वाढला, तेव्हा तो जगभर चर्चिला गेला, आणि आमच्याकडच्या मुलांनीही ती चित्रफीत एकमेकांना पाठवली. ओडिशात २० मार्चला पखाळ, म्हणजे तिथल्या पाण्यातल्या भाताचा, दिवस साजरा होतो आणि मंत्र्यांपासून मजुरांपर्यंत सगळे पखाळाचे फोटो टाकतात. आपणही पेज दिवस साजरा करावा, असे सुचवणाऱ्यांनी एक गोष्ट लक्षात घ्यावी: ओडिशात सरकारी वितरणातही प्रामुख्याने उकडाच तांदूळ दिला जातो. दिवस साजरा करण्याआधी तिथे तांदूळ घरात पोचलेला असतो.

आमच्याकडे नेमके याच्या उलट आहे. राष्ट्रीय अन्न सुरक्षा कायदा २०१३ मध्ये झाला. त्यानुसार प्राधान्य कुटुंबातल्या प्रत्येक माणसाला महिन्याला ५ किलो आणि अंत्योदय कुटुंबाला ३५ किलो धान्य मिळते, आणि जानेवारी २०२३ पासून ते मोफत आहे. गरीब घराच्या दृष्टीने हा मोठा आधार आहे, आणि त्यावर नाक मुरडणाऱ्यांशी माझे भांडण आहे. पण आमच्या गावच्या रेशन दुकानात मी आजवर पाहिलेला तांदूळ सुरयच आहे. त्याची पेज होत नाही, म्हणून बायका तो दळून घावणे आणि भाकऱ्या करतात, काही जण कोंबड्यांना घालतात, आणि उकडा हवा असेल त्याला तो बाजारातून पैसे मोजून आणावा लागतो. परिणाम उघड आहे. ज्याच्याकडे शेती आहे किंवा पैसे आहेत त्याची पेज टिकली, आणि जो पिढ्यान्‌पिढ्या पेजेवर जगला त्याच्याच घरातून ती गेली. गरिबाचे म्हणून हिणवलेले अन्न आता गरिबालाच परवडत नाही, ही विसंगती कुठल्याही महोत्सवाने झाकली जाणार नाही.

सरकारला हे अशक्य आहे, असे म्हणता येत नाही. सरकारी खरेदीतल्या भाताच्या भरडाईच्या नियमांत साध्या तांदळासाठी ६७ टक्के आणि उकड्यासाठी ६८ टक्के उतारा, म्हणजे भातातून निघणाऱ्या तांदळाचे प्रमाण, ठरवून दिलेला आहे. म्हणजे उकड्याचा रकाना सरकारच्या वहीत पहिल्यापासून आहे. केरळच्या रेशन दुकानांत उकडा आणि कच्चा असे दोन्ही तांदूळ मिळतात. २०२१-२२ मध्ये तेलंगणाचा उकडा तांदूळ केंद्राने घ्यायचा की नाही यावरून मोठा वाद झाला, तेव्हा उकड्याला पुरेशी मागणी उरलेली नाही, असे केंद्राचे एक म्हणणे होते. मागणी राज्यांच्या पातळीवर मोजली, आणि महाराष्ट्र म्हणजे गहू, ज्वारी आणि पांढरा तांदूळ असा सरधोपट हिशेब धरला, तर सिंधुदुर्गाच्या सकाळच्या न्याहारीची त्यात कुठेच नोंद होणार नाही. अर्थात तेलंगणाचा पांढुरका उकडा म्हणजे आमचा लाल उकडा नव्हे. त्याची पेज चालेल, पण आजीने पहिल्या घासाला नाव ठेवले असते.

म्हणून मागणी याहून नेमकी हवी. सिंधुदुर्गात आधारभूत किमतीने भाताची सरकारी खरेदी होते. २०२५-२६ च्या हंगामासाठी सर्वसाधारण भाताची ही किंमत क्विंटलला २,३६९ रुपये आहे. हे भात जिल्ह्यातच उकडून, जिल्ह्यातच भरडून, निदान काही प्रमाणात तिथल्याच शिधापत्रिकांवर द्यावे. वालय, बेळा, सोरटी, मुणगा अशा जुन्या वाणांचे उत्पन्न सुधारित वाणांपेक्षा कमी येते आणि त्यांतल्या उंच वाणांची रोपे पावसा-वाऱ्यात आडवी होतात, हे शेतकऱ्याला सांगावे लागत नाही. त्यांना वेगळा, थोडा वरचा दर मिळाला तरच ती शेतात राहतील. गुणसंवर्धित तांदळाची घोषणा १५ ऑगस्ट २०२१ रोजी झाली आणि लोह, फॉलिक आम्ल व ब-१२ मिसळलेला तांदूळ गावोगाव आला, तेव्हा पाण्यावर तरंगणारे ते वेगळे दाणे निवडून लोकांनी "प्लॅस्टिकचा तांदूळ" म्हणून फेकून दिले. उकड्याने लोहाची उणीव भरून निघत नाही, म्हणून तो गुणसंवर्धनाला पर्याय आहे असे मी म्हणत नाही. पण उकड्यातही असे दाणे मिसळता येतात, आणि ओळखीच्या तांदळावर लोक अधिक विश्वास ठेवतील, एवढे तर्काने सांगता येते.

शाळांचा मुद्दा थोडा नाजूक आहे. पोषण आहाराच्या नियमांप्रमाणे प्राथमिक शाळेतल्या मुलाला दिवसाला १०० ग्रॅम धान्य आणि २० ग्रॅम डाळ मिळते, आणि त्यातून ४५० उष्मांक व १२ ग्रॅम प्रथिने मिळावीत अशी अपेक्षा असते. १०० ग्रॅम उकड्याची दाट पेज आणि कुळथाची उसळ या मापात बसते. पण केरळातल्या शाळांत वर्षानुवर्षे कंजी, म्हणजे तिथली पेज, आणि मुगाची उसळच दिली जाई, आणि पुढे तिची जागा भात आणि आमटी-भाजीने घेतली, हेही सांगायला हवे. मुलांना रोज तेच अन्न, आणि तेही सरकारी भांड्यातून, वाढले की त्याला गरिबीचा शिक्का लागतो. त्यामुळे रोज पेज द्यावी, या मताचा मी नाही. आठवड्यातून एकदा, दहा-साडेदहाच्या तिच्या ठरल्या वेळी ती द्यावी, आणि त्या दिवशी गुरुजींनी व बाईंनीही डबा न उघडता मुलांच्या पंगतीत बसून तीच पेज जेवावी. शिक्षक जे खातात ते कमी प्रतीचे आहे, असे मुलांना सहसा वाटत नाही.

एक आक्षेप मला सर्वांत वजनदार वाटतो, आणि तो बायकांनी घेतलेला आहे. माझ्या वहिनीला हा लेख लिहिणार असल्याचे सांगितले, तेव्हा ती म्हणाली, "भावजी, भात उकडूक कोण बसतला, ता पण लिवा." हंडा चढवणे, धुरात जाळ लावणे, खळ्यात दिवसभर राखण करणे, पावसाचे चार थेंब पडले की धावत जाऊन सगळे गोळा करणे, हे काम पुरुषांनी केल्याचे मला तरी आठवत नाही. परंपरा टिकवा, असे सांगताना ती कोणाच्या कंबरेवर टिकते, हे न विचारणे हा आपल्याकडच्या संस्कृतिरक्षकांचा जुना दोष आहे. घराघरातला हंडा परत आणावा, असे मला मुळीच म्हणायचे नाही. भात उकडण्याचे आणि वाळवण्याचे काम गिरणीत, यंत्रावर, मजुरी देऊन झाले पाहिजे. बचत गटाने केले तर मजुरी बाईच्याच हातात येईल. चव थोडी बदलेल. धुराचा जो हलका वास घरच्या उकड्याला असतो तो जाईल, आणि तो गेला तर मी कुरकुर करीन, पण वहिनीसमोर नाही.

आमच्या शेजारच्या वाडीत अजून एक जुनी गिरण आहे. उकडा आणि सुरय एकाच वेळी लावला तर कण्या मिसळतात, म्हणून गिरणवाला काका आठवड्यातला एकच वार उकड्याला देतात. मागच्या माघात मी तिथे गेलो, तेव्हा पूर्वी याच दिवशी रस्त्यापर्यंत पोत्यांची रांग लागे, असे ते सांगत होते. त्या दिवशी तीन पोती होती. पहिले गिरणीमागच्या घरातले, दुसरे आमचे. तिसऱ्यावर खडूने नाव आणि खाली "बोरिवली" असे लिहिले होते. संध्याकाळच्या खासगी बसच्या टपावरून ते मुंबईला जायचे होते, आणि बसवाला पोत्याचे भाडे वाढवून मागत असल्याने काका फोनवर त्याच्याशी हुज्जत घालत होते.